इंजेराच्या ताटात जोलोफ : इथिओपिया आणि नायजेरिया यांच्या चवींचे एक जेवण

आदिस अबाबा आणि लेगोस या दोन शहरांमधले सरळ रेषेतले अंतर सुमारे ३,९०० किलोमीटर आहे आणि तिथल्या स्वयंपाकघरांतही तितकेच अंतर आहे. इथिओपियाच्या थंड पठारावर टेफ नावाचे, खसखशीएवढे बारीक धान्य पिकते. त्याच्या आंबवलेल्या पिठाचा इंजेरा, म्हणजे मऊ, जाळीदार मोठे धिरडे, करतात, आणि उपवासाचा दिवस नसेल तर रश्शात मसाला घालून कढवलेले तूप घालतात. नायजेरियाच्या दमट दक्षिण भागात पामच्या फळांचे लाल तेल, कंदमुळे आणि ताज्या लाल मिरच्यांचे वाटण यांवर रोजचे जेवण उभे असते. उत्तरेत हौसा लोक शेंगदाण्याच्या मसाल्यात घोळवलेले मांस निखाऱ्यांवर भाजतात, त्याला सुया म्हणतात. इतक्या वेगळ्या चवी एकत्र आणायच्या म्हणजे सगळेच एका पातेल्यात घालायचे, असा माझा पहिल्या वेळी समज झाला होता. मसाल्याचे तूप आणि लाल पामतेल मी एकाच रश्शात घातले. तुपाच्या खमंगपणाने पामतेल झाकोळले, पामतेलाच्या उग्र वासाने तुपाची गोडी घालवली, आणि जेवायला आलेली मंडळी काही बोलली नाहीत तरी दुसऱ्यांदा कोणी वाढून घेतले नाही. तेव्हापासून मी एक नियम पाळतो : एका पदार्थात एकच सांधा. पदार्थाचे अंग एका देशाचे ठेवावे आणि दुसऱ्या देशाची एकच ठळक वस्तू त्यात आणावी.

हा सांधा कोठे घालायचा हे कळण्यासाठी दोन्हीकडे आधीपासूनच काय सारखे आहे ते पाहावे. इथिओपियात कोरारिमा नावाची वेलची वापरतात. नायजेरियात योरुबा लोक ज्याला अटारे म्हणतात ते तिखट दाणे नामकरणाच्या विधीत ठेवले जातात आणि इग्बो लोकांकडे ते कोलाच्या बीबरोबर पाहुण्यापुढे येतात. वनस्पतिशास्त्राच्या दृष्टीने ही दोन्ही एकाच प्रजातीतली भावंडे आहेत आणि आपल्या वेलचीच्या कुळातली आहेत. दुसरे साम्य याहून मोठे आहे. दोन्हीकडे रश्शाची चव मसाल्याच्या आधी ठरते, कारण इथिओपियात कांदा आणि नायजेरियात टोमॅटो-मिरचीचे वाटण बराच वेळ आटवून, त्यातले पाणी पूर्ण घालवून मगच पुढचे काम सुरू होते. ज्याला हा वेळ द्यायचा नाही, त्याने हे जेवण करायला घेऊ नये.

पुढची मापे सहा माणसांसाठी आहेत. ताटात टेफ-नाचणीचा इंजेरा, बर्बरे हा इथिओपियाचा तिखट मसाला घातलेला जोलोफ, म्हणजे टोमॅटो-मिरचीच्या वाटणातला भात, लाल तेलातले चवळीचे वॉट, म्हणजे दाट रस्सा, सुयाच्या मसाल्यातले तिब्स, म्हणजे परतलेले मांस, माठाची भाजी, तळलेली केळी आणि जीभ निववायला आयिब, म्हणजे ताकाचा चोथा, एवढे पदार्थ असतील. यादी लांब वाटली तर तिब्स आणि भाजी गाळावी. भात, वॉट आणि इंजेरा मात्र गाळू नयेत.

तीन दिवस आधी : इंजेराचे पीठ

टेफचे पीठ आता भारतात ऑनलाइन मिळते, पण ते महाग पडते. त्यामुळे मी ३०० ग्रॅम टेफ आणि २०० ग्रॅम नाचणीचे पीठ घेतो. ही केवळ काटकसर नाही. नाचणी मूळची पूर्व आफ्रिकेच्या डोंगराळ भागातली आहे. इथिओपियात तिला दागुसा म्हणतात आणि तिथेही ती टेफमध्ये मिसळून इंजेरा करतात. दोन्ही पिठे सुमारे ७५० मिलिलिटर पाण्यात गुठळी न राहता कालवून, काचेच्या किंवा स्टीलच्या भांड्यात, वर सैल झाकण ठेवून ओट्याच्या कोपऱ्यात ठेवावीत. उन्हाळ्यात दीड-दोन दिवस पुरतात, थंडीत तीन दिवस लागतात. आंबोळीच्या पिठासारखे हे पीठ फुगून वर येईल अशी वाट पाहू नये. ते तळाशी बसते आणि वर करडे-काळसर पाणी जमते. हे पाणी म्हणजे एर्शो. ते अलगद ओतून काढावे आणि त्यातले अर्धी वाटी बाटलीत भरून फ्रिजमध्ये ठेवावे, कारण पुढच्या वेळी तेच विरजण होते. काळसर पाण्याला घाबरू नये; मात्र पिठावर हिरवी, गुलाबी किंवा काळी लव आली असेल तर मोह न धरता सगळे टाकून द्यावे.

करण्याच्या दिवशी सकाळी आब्सित करावे लागते. ही पायरी गाळली की इंजेरा वातड होतो. आंबलेल्या पिठातली एक वाटी घेऊन, तेवढेच पाणी घालून, मंद आचेवर सतत ढवळत पळीवाढी खळ होईपर्यंत शिजवावी. ती कोमट झाली की उरलेल्या पिठात मिसळावी, चवीपुरते मीठ घालावे आणि दीड-दोन तास थांबावे. पृष्ठभागावर बारीक बुडबुडे फुटू लागले की पीठ तयार झाले. ते घावनाच्या पिठापेक्षा किंचित दाट असावे.

एक दिवस आधी : बर्बरे, नितर किब्बे आणि याजी

इथिओपियात बर्बरे करणे हे मोठे काम असते. मिरच्या उन्हात वाळवून, ओल्या लसूण-आल्याबरोबर आणि सुगंधी पाल्याबरोबर कुटून, पुन्हा वाळवून मग दळतात. आपल्या कामापुरते पुढीलप्रमाणे करता येते. ६० ग्रॅम बेडगी मिरच्या देठ काढून मंद आचेवर कोरड्या भाजाव्यात. मग दोन चमचे धणे, एक चमचा मिरी, अर्धा चमचा ओवा, अर्धा चमचा कलौंजी, पाच लवंगा आणि बोटाच्या पेराएवढी दालचिनी वेगळी भाजावी. एक चमचा मेथी अगदी शेवटी, तव्याखालचा गॅस बंद करून, उरलेल्या उष्णतेवर परतावी. ती करपली की संपूर्ण मसाला कडू होतो आणि त्यावर कोणताही उपाय चालत नाही. कोरारिमाच्या जागी अनेक जण मसाला वेलची सुचवतात, परंतु तिला धुराचा वास असतो आणि कोरारिमाला नसतो. म्हणून दोन मसाला वेलच्या आणि चार हिरव्या वेलच्या असे मिश्र दाणे घ्यावेत. हे सर्व एक चमचा सुंठ आणि एक चमचा मीठ घालून बारीक दळावे.

नितर किब्बे, म्हणजे मसाल्याचे तूप, करताना मराठी माणसाला ओळखीच्या घरी आल्यासारखे वाटते. आपल्याकडे लोणी कढवताना विड्याचे पान किंवा मेथीचे दाणे टाकतात, तोच विचार इथे पुढे नेला आहे. ५०० ग्रॅम अळणी लोणी, एक लहान कांदा चार फोडी करून, लसणीच्या तीन ठेचलेल्या पाकळ्या, बोटभर आले, अर्धा चमचा मेथी, पाव चमचा हळद, चार वेलच्यांचे दाणे आणि तुळशीची सात-आठ पाने एकत्र करून अगदी मंद आचेवर पाऊण तास ठेवावे. इथिओपियात यासाठी बेसोबेला नावाची तुळशीच्या कुळातली वनस्पती आणि कोसेरेत नावाचा सुगंधी पाला वापरतात. कोसेरेतऐवजी चिमूटभर ओरेगॅनो चालतो. आपल्या तुपाची बेरी तांबूस होईपर्यंत थांबायची सवय इथे मोडावी लागते. वरचा द्रव पारदर्शक झाला आणि तळाचा साका अजून फिकट सोनेरी आहे तोवरच पातळ फडक्यातून गाळून घ्यावे.

याजी हा सुयाचा मसाला. त्याचे अंग म्हणजे कुली-कुली, अर्थात तेल काढून घेतलेल्या शेंगदाण्यांच्या लगद्याचे तळलेले कडक तुकडे. नुसता दाण्याचा कूट घेतला तर तो तेलाने चिकटतो आणि मांसावर त्याचा लेप बसण्याऐवजी गोळे होतात. म्हणून १०० ग्रॅम भाजलेल्या दाण्यांचा कूट सुती फडक्यात बांधून हाताने जितका पिळता येईल तितका पिळावा, मग कढईत दोन मिनिटे कोरडा परतावा. त्यात दोन चमचे सुंठ, दोन चमचे लाल तिखट, अर्धा चमचा मिरपूड आणि मीठ मिसळले की काम झाले.

जेवणाच्या दिवशी : आधी कांदा

चवळीचे वॉट सर्वांत आधी चढवावे, कारण त्याचा कांदा घाई सोसत नाही. चवळी मूळची आफ्रिकेतली आहे आणि नायजेरियात तिचे उत्पादन जगात सर्वाधिक होते. तिथे ती लाल पामतेलात शिजवतात. आपण शिजवण्याची पद्धत इथिओपियाची ठेवणार आहोत आणि चवळी व तिचे तेल नायजेरियाचे. हाच इथला सांधा.

३०० ग्रॅम चवळी चार तास भिजवून, दाणा अखंड राहील पण बोटाने चिरडेल इतपत शिजवावी. ७५० ग्रॅम लाल कांदा अगदी बारीक चिरावा. मिक्सरमध्ये वाटला तर त्याला पाणी सुटून उग्र वास येतो. जाड बुडाच्या पातेल्यात हा कांदा तेलाचा थेंबही न घालता मध्यम आचेवर टाकावा. पहिली दहा मिनिटे चरचर आवाज येतो आणि डोळ्यांना पाणी आणणारी वाफ निघते. पुढे आवाज खाली येतो, कांदा पांढरट-गुलाबी रंग सोडून फिक्या चहासारखा होतो आणि बुडाशी चिकटू लागतो. अशा वेळी तेल घालण्याचा मोह आवरून एक-दोन चमचे पाणी शिंपडावे आणि बूड खरवडून घ्यावे. तीस ते चाळीस मिनिटांनी लाकडी उलथने फिरवल्यावर पातेल्याच्या तळाशी रेघ उमटते आणि क्षणभर तशीच राहते. कांद्याची चिरलेली कड डोळ्यांना दिसेनाशी झालेली असते. ही रेघ दिसली की मगच ८० मिलिलिटर लाल पामतेल घालावे. ते तापून कांद्यात मुरले की बर्बरेचे तीन सपाट मोठे चमचे घालून, पुन्हा थोडे थोडे पाणी शिंपडत पंधरा मिनिटे शिजवावे. नंतर चवळी, मीठ आणि दोन वाट्या पाणी घालून वीस मिनिटे मंद आचेवर उकळावे. शेवटी कडेला लाल तेलाचा तवंग आला पाहिजे. दक्षिण नायजेरियात अनेक रश्शांत सुक्या कोळंबीसारख्या माशांची पूड घालतात. ज्यांना चालते त्यांनी भाजलेल्या जवळ्याची एक चमचा पूड चवळीबरोबर घालावी. कोकणातल्या माणसाला ती चव नवी वाटणार नाही.

लाल पामतेल म्हणजे शुद्ध न केलेले, गाजराच्या रंगाचे, खोलीच्या तापमानाला थोडे थिजणारे तेल. किराणा दुकानातले पामोलीन म्हणजे ते नव्हे, आणि त्यात लाल रंग घालून फसवणूकही करू नये. ते मिळाले नाही तर कारळ्याचे तेल घ्यावे. कारळ्याला, म्हणजे नाशिक-ठाण्याच्या डोंगरपट्ट्यात पिकणाऱ्या आपल्या खुरासणीला, इंग्रजीत ‘नायजर’ म्हणतात, पण तिचे माहेर इथिओपिया आहे. तिथे तिला नूग म्हणतात. बुधवार-शुक्रवारच्या आणि ईस्टरपूर्वीच्या दीर्घ उपवासात ऑर्थोडॉक्स ख्रिस्ती लोक तूप वर्ज्य करतात, तेव्हा स्वयंपाक अशा तेलांवर होतो. या तेलातले वॉट पूर्ण इथिओपियाचे होते, सांध्यासाठी एकटी चवळी उरते, आणि मला ते थोडे अधिकच आवडते हे कबूल करतो.

जोलोफ

जोलोफचे नाव सेनेगलच्या वोलोफ लोकांच्या जुन्या राज्यावरून आले आहे, आणि सेनेगलच्या मासे-भाताची नोंद युनेस्कोने २०२१ मध्ये सांस्कृतिक वारशात केली. नायजेरिया आणि घाना यांच्यात खरा जोलोफ कोणाचा यावर अखंड वाद चालतो. त्यात न पडता इथे नायजेरियाची रीत घेतली आहे.

तांदूळ उकडा आणि लांब दाण्याचा हवा. गोव्या-कोकणातला जाड उकडा तांदूळ इथे जमत नाही आणि साधा बासमती वाटणात मोडतो. सेला बासमती उत्तम. ६०० ग्रॅम तांदूळ पाणी निवळ येईपर्यंत धुवून निथळत ठेवावा. तीन लाल ढोबळ्या मिरच्या, चार मोठे पिकलेले टोमॅटो, एक कांदा आणि दोन-तीन ताज्या लाल तिखट मिरच्या एकत्र वाटाव्यात. नायजेरियात अता रोडो नावाची फळांचा वास असलेली जहाल मिरची वापरतात. आपल्या मिरचीने तिखटपणा साधतो, तो वास साधत नाही. हे वाटण उघड्या पातेल्यात आटवून निम्मे करावे.

दुसऱ्या जाड बुडाच्या पातेल्यात १०० मिलिलिटर शेंगदाणा तेलात एक उभा चिरलेला कांदा परतावा आणि त्यात १५० ग्रॅम टोमॅटोची पेस्ट सात-आठ मिनिटे, तिचा भडक लाल रंग विटकरी होईपर्यंत परतावी. मग आटवलेले वाटण घालून तेल सुटेपर्यंत, म्हणजे किमान वीस मिनिटे, परतत राहावे. कच्च्या टोमॅटोचा आंबट वास अजून येत असेल तर पुढे जाऊ नये, कारण भात शिजल्यावर तो वास कमी होण्याऐवजी उठून दिसतो. आता सांधा येतो. नायजेरियात या ठिकाणी करी पावडर आणि थाइम घालतात. आपण करी पावडर वगळून बर्बरेचे दीड मोठे चमचे घालावेत, पण थाइमचा एक चमचा आणि दोन तमालपत्रे तशीच ठेवावीत. थाइम काढले की तो जोलोफ राहत नाही, तिखट टोमॅटो-भात होतो.

यात ८०० मिलिलिटर गरम सूप किंवा पाणी आणि मीठ घालून उकळी आणावी, तांदूळ घालून एकदाच हलवावे. द्रव तांदळाच्या पातळीच्या जेमतेम वर असावा. पुलावाच्या अंदाजाने पाणी ओतले तर गिच्च भात होतो. पातेल्यावर फॉइल घट्ट बसवून वर झाकण ठेवावे आणि सर्वांत मंद आचेवर तीस मिनिटे विसरून जावे. नंतर एकदा खालचा भात हलक्या हाताने वर घ्यावा, उभे चिरलेले कांदा-टोमॅटो पसरावेत आणि दोन मोठे चमचे नितर किब्बे सोडावे. नायजेरियातही अनेक घरी शेवटी लोणी आणि ताज्या फोडी घालतात, त्यामुळे हे तूप तिथे उपरे वाटत नाही. अखेर झाकण लावून तीन-चार मिनिटे आच वाढवावी. लग्नसमारंभात लाकडावर शिजलेल्या भाताला बुडाशी लागल्याचा जो धुरकट वास येतो, तो यातून थोडाफार मिळतो. खरपुडी आली पाहिजे, कोळसा नव्हे. नाकाला सावध ठेवावे.

बाकीचे पदार्थ

हे सारे झटपट होतात. तिब्ससाठी ६०० ग्रॅम बिनहाडाचे कोवळे मटण किंवा कोंबडीच्या मांडीचे तुकडे मोठ्या आचेवर दोन चमचे नितर किब्बेत, गर्दी न करता दोन खेपांत परतावेत. कांद्याच्या जाड फोडी, हिरवी मिरची आणि असल्यास रोझमेरीची काडी घालावी. याजी गॅस बंद केल्यावरच भुरभुरवावी, नाहीतर कूट जळतो. शाकाहारी मंडळींसाठी अळिंबी याच रीतीने करावी. पनीर मला इथे फिके वाटले.

माठाला योरुबा भाषेत एफो तेते म्हणतात आणि तो तिथेही रोजच्या खाण्यातला आहे. दोन जुड्या माठ चिरून, उकळत्या पाण्यातून काढून, घट्ट पिळून घ्यावा. नायजेरियात एगुसी नावाच्या, कलिंगडाच्या जातीतल्या फळाच्या बिया वापरतात. त्याऐवजी ५० ग्रॅम मगज जाडसर वाटून थोड्या तेलात गुठळ्या होईपर्यंत परतावे. मग लसूण, आले आणि माठ घालावा. लसूण-आल्याचा सढळ हात इथिओपियाच्या गोमेन या पालेभाजीतून घेतला आहे.

आयिबसाठी एक लिटर ताक अगदी मंद आचेवर न ढवळता तापवावे. चोथा वर येऊन पाणी वेगळे झाले की निववून फडक्यात गाळावे. तळायला राजेळी केळी, साल काळी पडू लागलेली, तिरक्या चकत्या करून घ्यावीत. साधी वेलची केळी तेलात विरघळतात.

इंजेरा आणि वाढणी

इंजेरा शेवटी करावा. इथिओपियातला मातीचा तवा, मिताद, जवळजवळ दोन फूट रुंद असतो. आपण ३० सेंटिमीटरचा नॉनस्टिक तवा तेल न लावता तापवावा. पीठ कडेकडून सुरू करून वळसे घेत मध्यापर्यंत ओतावे, आंबोळीसारखे मध्यावर ओतून पसरवू नये. पृष्ठभागावर डोळे, म्हणजे छिद्रे, सगळीकडे उघडली की झाकण ठेवून एक-दीड मिनिट वाफवावे. उलटायचे नाही. कडा सुटून वर आल्या की फडक्यावर काढावा आणि पूर्ण निवल्याशिवाय दुसऱ्यावर ठेवू नये. गरम इंजेरे एकमेकांना चिकटून त्यांचा लगदा होतो, हे मी सहा इंजेरे गमावून शिकलो. डोळे आलेच नाहीत तर पीठ दाट आहे किंवा तवा पुरेसा तापलेला नाही, एवढेच समजावे.

मोठ्या परातीत दोन-तीन इंजेरे एकमेकांवर कड चढवून अंथरावेत. मध्ये चवळीचे वॉट, भोवती तिब्स, माठ, आयिब आणि केळी मांडावीत. जास्तीचे इंजेरे गुंडाळून बाजूला ठेवावेत. जोलोफ मात्र वेगळ्या भांड्यात वाढावा, कारण भाताचे तेल इंजेरात उतरले की तो तुकडा धरायला राहत नाही. दोन्ही देशांत उजव्या हाताने जेवतात. इथिओपियात शेजाऱ्याला इंजेराचा घास करून भरवण्याला गुर्शा म्हणतात, आणि घास जितका मोठा तितके प्रेम मोठे, असे मानतात.

इंजेरे उरले तर सकाळी त्यांचे फिरफिर करावे : तुकडे करून, वॉटच्या पातेल्याला लागलेल्या रश्शात चमचाभर नितर किब्बे आणि थोडे पाणी घालून परतावे. फोडणीच्या पोळीची सवय असलेल्या घरात ते रात्रीच्या जेवणाहून लवकर संपते.